खुशालीची यादी

बोलून झालं की नगारची शब्बीर चूळ भरायचा. एकदा नव्हे, तीनदा. तालमीच्या माडीच्या मागच्या खिडकीतून तो ती खाली टाकायचा. तरीही जिभेवर काहीतरी उरायचंच. कल्हई उडालेल्या भांड्यात ताक ठेवलं की ते कळकतं, तशी ती चव. बायको जाहिदा म्हणायची, "पान खाऊन बघा." त्यानं पान खाऊन बघितलं, लवंग चघळली, मीठ लावून दात घासले. चव तोंडातली नव्हतीच, म्हणून ती जात नव्हती.

लढाईचं चौथं वर्ष चालू होतं. भोरच्या बाजारतळावर तालमीच्या माडीवरून एक भोंगा बाहेर आलेला होता. हिरव्या रंगाचा, धोतऱ्याच्या फुलासारखा पसरट तोंडाचा. त्या भोंग्यातून दर मंगळवारी जो आवाज सगळ्या बाजारावर पडायचा तो शब्बीरचा.

एकेचाळीस साली भाताचे दोन व्यापारी, एक पेन्शनर आणि सावळाराम मास्तर यांनी मिळून मंडळ काढलं. मंडळाला लांबलचक नाव होतं, पण लोकांनी त्याला 'बातमीघर' म्हटलं आणि तेच टिकलं. मुंबईहून रेडिओचा संच आला. देव्हाऱ्याएवढी लाकडी पेटी, पुढं जाळी, आत काचेचे दिवे. त्याच्या जोडीला भोंगा, आणि तोंडापुढं धरून बोलायची जाळीची एक डबी. भोरात तेव्हा वीज कुठली? सगळं बॅटरीवर चालायचं. बॅटरी म्हणजे तेजाबानं भरलेलं जड खोकं. ते शब्बीरनं खांद्यावर घालून गिरणीत न्यायचं, भात भरडायच्या इंजिनावर रात्रभर भरायला लावायचं आणि सकाळी परत आणायचं. तेजाब सांडून त्याच्या दोन्ही सदऱ्यांना खांद्यावर भोकं पडली होती. कातडीवरही पांढरे डाग होते. शुक्रवारी शब्बीर तोच सगळा पसारा बैलगाडीत घालून वेल्ह्याला जायचा आणि तोरण्याच्या पायथ्याच्या लोकांनाही तेच ऐकवून परत यायचा.

हे काम शब्बीरला मिळालं ते आवाजामुळं. त्याच्या घराण्याकडं एका देवळातला नगारा होता. पहाटे आणि तिन्हीसांजेला नगारा वाजवायचा, आणि उत्सवात काय कधी आहे ते देवळाच्या पायरीवरून ओरडून सांगायचं, हे त्याच्या आज्यापासूनचं काम. त्याच्या अब्बांनी एकदा धुक्याच्या दिवसांत चुकून पहाटेचा नगारा तासभर आधीच वाजवला होता. सगळं गाव उठलं. बायका जात्यावर बसल्या, गवळी अंधारात ठेचकाळत निघाले. चूक कळल्यावर अब्बांनी तीन दिवस रोजा धरला. रमजान नव्हता, कुणी सांगितलं नव्हतं. एवढंच म्हणाले, "माणूस खोटं बोलला तर एकाला फसवतो. नगारा खोटा बोलला तर गावानं उठायचं तरी कुणाच्या जिवावर?"

शब्बीर तेव्हा लहान होता. त्याला वाटलं होतं, म्हातारा जरा जास्तच करतोय.

मंगळवारचा कार्यक्रम ठरलेला असे. दिवस कलायला लागला की आधी एक भजनाची तबकडी. मग पेटीतून मुंबईच्या मराठी बातम्या, खरखरत, मधेच बुडून पुन्हा वर येत. त्या निम्म्या कुणाला कळायच्या नाहीत. मग शब्बीर जाळीची डबी तोंडापुढं धरायचा आणि इथल्या बातम्या सुरू व्हायच्या. भाताचा भाव, नाचणीचा भाव, हिरड्याचा भाव. रॉकेल कुणाच्या दुकानात आलंय. पालीच्या माणसाची पांढऱ्या कपाळाची गाय हरवली आहे, दिसल्यास बातमीघरात कळवावं. लोक हसायचे, ऐकायचे. आणि गाय खरंच सापडायची. त्यामुळं भोंग्यावर लोकांचा विश्वास बसला तो लढाईच्या बातम्यांनी नव्हे, गायीनं.

मग 'तात्या आणि बाळू'. ह्या गप्पा सावळाराम मास्तर लिहायचे. तात्या शहाणा, बाळू बावळट. दोन्ही आवाज शब्बीरच काढायचा. मास्तर पुस्तकी लिहीत, त्यांचा बाळू म्हणे, "तात्या, माझा पुत्र आळशी झाला आहे." अशानं कोण हसणार? शब्बीर ते डोंगरातल्या बोलीत फिरवून घ्यायचा, आणि ती बोली त्यानं उचलली होती अंबूबाईकडून.

अंबूबाई हिर्डोशीची. वरंध घाटाच्या वाटेवरचं गाव, भोरापासून सात-आठ कोस. नवरा गेनबा मरून बरीच वर्षं झालेली, एकुलता एक मुलगा कुंडलिक. हिरड्याचं गाठोडं घेऊन ती सोमवारी निघायची आणि मंगळवारी तालमीच्या भिंतीला टेकून विकायला बसायची. तोंड अखंड चालू.

"काय मावशी, पोरगं काय करतंय?" शब्बीरनं एकदा वर चढता चढता विचारलं होतं.

"काय करतंय? माशा मारतंय," अंबूबाई म्हणाली. "त्यातली बी एक मरत न्हाई."

त्याच संध्याकाळी भोंग्यातून बाळू म्हणाला, "माझं पोरगं व्हय? माशा मारतंय. त्यातली बी एक मरत न्हाई." तात्या म्हणाला, "मग पलटणीत पाठव की गड्या. तिथं नेम धरायला शिकवतात." सगळा बाजार हसला. अंबूबाईनं पदर तोंडाला लावला. "अगं बया, हा मुडदा माझंच बोलतोय की!" सगळ्यांत जास्त हसला तो कुंडलिक, आईशेजारी गाठोड्यावर बसलेला, वीस वर्षांचा, मोठ्या दातांचा. हसता हसता त्याला ठसका लागला. दुसऱ्या दिवशी सकाळी बातमीघरात येऊन त्यानं भरतीच्या कागदावर अंगठा दिला.

कागद मास्तरांनी भरला. घरचा पत्ता म्हणून बातमीघराचाच पत्ता घातला. डोंगरात टपाल कोण पोचवतंय, असं म्हणाले. ते खोटंही नव्हतं.

शेवटी खुशालीची यादी. भोर आणि वेल्ह्याकडची जी मुलं पलटणीत गेली होती त्यांची पत्रं बातमीघरात येत. त्यांवरून मास्तर यादी करत आणि शब्बीर ती वाचायचा. 'मौजे अमुक, अमका तमका, खुशाल.' एवढंच. पण त्या वेळी बाजारात तराजूसुद्धा थांबायचे. कासार बांगडी हातात धरून थांबायचा. ज्यांना वाचता येत नव्हतं, ज्यांच्याकडं पत्र घेऊन कुणी येणार नव्हतं, अशा बायका पाच-पाच, सात-सात कोस चालून त्या एका शब्दासाठी यायच्या.

'मौजे हिर्डोशी, कुंडलिक गेनबा, खुशाल,' असं झालं की अंबूबाई उठायची. शब्बीर जिना उतरून खाली आला की त्याच्या हातावर गुळाचा खडा ठेवायची आणि आपल्या तांब्यातलं पाणी वरून त्याच्या ओंजळीत ओतायची.

"पी भाऊ. ज्या तोंडातनं माझ्या लेकाचं नाव निघालं त्ये तोंड कोरडं ठेवू नये."

शब्बीर गूळ चघळत पाणी प्यायचा. तेव्हा तो चूळ भरत नव्हता.

त्या वर्षी शिमगा होऊन आठवडा झाला असेल, मास्तरांनी त्याला घरी बोलावलं. चहा दिला. सावळाराम मास्तर सभ्य माणूस. शाळेत असताना त्यांनी कुणाला छडी मारली नाही असं लोक सांगायचे. त्यांनी पुढं एक इंग्रजी कागद सरकवला. शब्बीरला मराठी वाचता येई, इंग्रजी नाही. पण कागदाच्या मध्यावर टंकलेल्या अक्षरांखाली कुणीतरी पेन्सिलीनं देवनागरीत लिहिलं होतं: कुंडलिक.

"ब्रह्मदेशाकडं पडला," मास्तर म्हणाले. "माघातच. वाईट झालं."

शब्बीरच्या हातात बशी होती. चहावर साय धरली होती.

"मग मावशीला मी..."

"थांब. ऐक." मास्तरांचा आवाज वर्गात फळ्यापुढं असावा तसा शांत होता. "अक्षय्यतृतीयेनंतर वेल्ह्याला भरतीचा मेळावा आहे. घाटाकडची चाळीस मुलं येतो म्हणालीत. आत्ता रडारड झाली तर एकही यायचं नाही. मेळावा होऊ दे. मग मी स्वतः हिर्डोशीला जाऊन सांगेन."

"आन तंवर यादीत?"

"नाव गाळू नकोस. गाळलंस की म्हातारी विचारत बसेल."

"खुशाल वाचू?"

"हे बघ शब्बीर, आपण खोटं बोलत नाही. उशिरा बोलतो. दोन्हीत फरक आहे."

साय बोटानं बाजूला करून मास्तर चहा प्यायले. ती साय त्यांच्या बोटाला चिकटली. त्यांनी ती बशीच्या कडेला पुसली. शब्बीरला पुढं पुष्कळ दिवस, कागदापेक्षा, मेलेल्या कुंडलिकाच्या दातांपेक्षासुद्धा, ती बशीच्या कडेची साय आठवत राहिली. 

नाही म्हणता आलं असतं. त्यानं नाही म्हटलं नाही. डोंगराएवढी माणसं नाही म्हणत नाहीत तिथं तेजाबानं सदरा खाल्लेला नगारची काय म्हणणार, असं त्यानं स्वतःला सांगून बघितलं. ते स्वतःलाच पटलं नाही आणि तरी त्यानं तेच धरून ठेवलं.

मंगळवारी यादी आली. हिर्डोशीपर्यंत येताना त्याचा आवाज चाचरला नाही, हे त्याचं त्यालाच कळलं आणि तेच सगळ्यांत वाईट वाटलं. घसा आपलं काम करत होता. खणखणीत, गोड, जसा तीन पिढ्यांनी घासून दिला होता तसा. 'मौजे हिर्डोशी, कुंडलिक गेनबा, खुशाल.'

जिना उतरताना पायऱ्या संपूच नयेत असं त्याला वाटलं. खाली अंबूबाई उभी होतीच. गुळाचा खडा नेहमीपेक्षा मोठा होता.

"आज लई झ्याक बोललास भाऊ. आवाज कसा घंटंवानी लागला. घे."

त्यानं घेतला. ओंजळ पुढं केली. पाणी आलं, थंड, हिर्डोशीच्या झऱ्याचं, वाटभर जपून आणलेलं. तो प्यायला.

आणि पाणी गळ्याखाली उतरता उतरता त्याला अब्बांनी सांगितलेली एक गोष्ट आठवली. मयताचा सांगावा घेऊन जाणाऱ्या माणसाचा नेम असतो. त्यानं त्या घराच्या उंबऱ्यात जायचं नाही, बसायचं नाही आणि त्या घरचं पाणी घ्यायचं नाही. किती का लांबून आलेला असेना. सांगावा सांगायचा, पाठ फिरवायची, वाहत्या पाण्यावर जाऊन तहान भागवायची. हा नेम ह्या डोंगरात कुणी मोडत नाही. हिंदू नाही, मुसलमान नाही. सांगावा पोटात ठेवून त्या घरचं पाणी प्यायलेला माणूस म्हणजे काय, ह्याला नावसुद्धा नव्हतं. तशी वेळच कुणावर आली नव्हती.

तो तालमीच्या मागं गेला आणि ओकला. गूळ, पाणी, दुपारची भाकरी, सगळं. तेव्हापासून चुळा सुरू झाल्या.

पुढच्या मंगळवारी यादी वाचून तो खाली उतरलाच नाही. बॅटरीची तारबीर बघत असल्यासारखा माडीवर बसून राहिला. खालून अंबूबाईनं दोन हाका मारल्या.

"भाऊ! ये नगारचीभाऊ! का रं, आमच्या हातचं आता गोड लागंना व्हय?"

कुणीतरी हसलं. मग तिच्या पायांचा आवाज जिन्यावर आला. शब्बीर खोक्याआड सरकला. पन्नाशीची बाई धापा टाकत वर आली, इकडंतिकडं बघितलं, कुणी दिसेना म्हणून पळसाच्या पानात बांधलेला गूळ पेटीवर ठेवला आणि खाली गेली. जाताना पेटीच्या जाळीला तिनं हात लावून कपाळाला लावला. देव असल्यासारखा.

तिसऱ्या मंगळवारी त्यानं माडी उघडली तेव्हा ते पान तसंच पडलेलं होतं. गूळ पाझरून जाळीवर ओघळला होता आणि मुंग्यांची काळी रांग पेटीच्या आत जात होती, जिथून आवाज निघतो तिथं. त्यानं पान उचललं. मुंग्या मनगटावर चढल्या. त्यानं झटकल्या नाहीत.

त्या संध्याकाळीही त्यानं यादी वाचली. पण बुधवारी सकाळी सदरा घालून बाहेर निघाला तेव्हा जाहिदानं विचारलं, "बॅटरी न्यायची न्हाई?"

"न्हाई."

"मग कुठं निघालात?"

"हिर्डोशीला."

तिला सगळं ठाऊक होतं. तिनं पाण्याचा तांब्या पुढं केला तो त्यानं परत दिला.

"वाटंत लागंल की पाणी."

"पिऊन निघालो तर तिथं तहान लागायची न्हाई," तो म्हणाला. "लागाया पायजे."

चैत्र निम्म्यावर आला होता. आपटी गावापर्यंत ऊन बरं होतं, निगुडघराच्या पुढं ते डोक्यावर आलं. नीरा नदी वाळूतून हाताएवढी वाहत होती. तो तिच्या कडेकडेनं चालला आणि खाली उतरला नाही. बाजार करून परतणारी हिर्डोशीची माणसं पुढं गेली असावीत. वाटेत गाठोड्यांतून सांडलेले हिरडे दिसत होते. भाताची खाचरं जळून काळी पडलेली, रोपांच्या वाफ्यांत राब भाजलेल्याचा वास. त्याचे ओठ फुटले. जीभ टाळूला लागायला लागली. ती चव मात्र होती तिथंच होती.

हिर्डोशीत शिरला तेव्हा उन्हं उतरली होती. अंबूबाईच्या घरापुढं तिचा दीर सोनबा दोर वळत बसला होता. चार-पाच माणसं होती. शब्बीर अंगणाच्या कडेला थांबला.

"अरं, भोंगा आला की गावात!" सोनबा ओरडला. "या या. बसा. गूळ संपला का काय?"

"बसत न्हाई," शब्बीर म्हणाला. घशातून आवाज नीट निघेना. "सांगावा हाय. कुंडलिक गेला."

दोर थांबला.

"कुठं गेला?"

"लढाईत पडला. माघातच."

सोनबा उठला. सावकाश, गुडघ्यावर हात ठेवून. "काय बोलतोस रं? काल कानानं ऐकून आलो आमी. खुशाल. काल माघ व्हता का?"

"काल खोटं वाचलं."

"भोंगा खोटं बोलतो व्हय?" बाजूचा एकजण पुढं आला. "माझी म्हस घावली ती त्या भोंग्यानं. त्यो खोटं बोलंल?"

"भोंगा म्हंजे मीच की! मीच बोलतो त्यातनं!"

"तू?" सोनबानं त्याच्याकडं खालपासून वरपर्यंत बघितलं. फुटलेले ओठ, खांद्यावर भोकं पडलेला सदरा, धुळीनं भरलेले पाय. "तू बोलतोस, पर मुंबैचा तारायंत्राचा कारभार हाय त्यो. त्यात मास्तर हायेत, सरकार हाय. तुझं काय घेऊन बसलास? मास्तरासंगं भांडान झालं असंल तुझं, म्हणून आमच्या पोराच्या जिवावर उठलास. कुत्र्याच्या जातीचं..."

एकानं ढेकूळ उचललं. शब्बीरला विचित्र वाटलं ते हे, की त्याला त्यांचा राग आला नाही. किळस आली ती त्या आवाजाची, जो त्यानं स्वतः दोन वर्षं इथवर पोचवला होता. इतका चांगला पोचवला होता की आता त्याच्यापुढं तो स्वतःच खोटा ठरत होता.

तेवढ्यात अंबूबाई डोक्यावर हंडा घेऊन झऱ्याकडून आली. तिनं शब्बीरला बघितलं आणि तिचं तोंड फुललं.

"अगं बया, भाऊ! हितवर चालत आलास? आन ह्यांनी उन्हात उभा केलाय व्हय? बस की. ये सोनबा, घोंगडं टाक."

"वैनी, हा येडा झालाय," सोनबा म्हणाला. "काय बी बोलतोय."

"बोलंना का. घसा बघ त्येचा, भाजलेल्या मक्यावानी झालाय." तिनं हंडा उतरवला, तांब्या बुडवला आणि ओंजळीत ओतायला पुढं केला. "पी आधी. मंग बोल."

शब्बीरनं हात पुढं केले नाहीत.

"पी की रं."

त्यानं हात मागं घेतले. पाठीशी बांधले. तांब्यातून पाणी झिरपून खाली मातीत पडत होतं आणि त्याचे डोळे त्या पाण्यावर खिळले होते. सगळं अंग पाणी मागत होतं. 

अंबूबाई त्याच्याकडं बघत राहिली. मग त्याच्या पायांकडं, जे अंगणाच्या कडेबाहेर होते. मग पाठीमागच्या हातांकडं. तिच्या चेहऱ्यावरचं हसू लगेच गेलं नाही. ते तिथंच राहिलं, पण त्यातलं माणूस निघून गेलं.

"बसला न्हाईस," ती म्हणाली. "आत आला न्हाईस. पाणी घेईनास."

"न्हाई मावशी."

"कवा?"

"माघात."

ती मनाशी मंगळवार मोजत असावी. तिचे ओठ हलत होते. "म्हंजी शिमग्याच्या फुडं म्या गूळ दिला त्यो... तुला ठावं व्हतं?"

"व्हय."

"आन पाणी प्यालास."

"व्हय."

तिनं तांब्या उपडा केला. पाणी जमिनीवर पडलं आणि मातीनं ते आवाज न करता ओढून घेतलं.  ढेकूळ उचललेल्या माणसाच्या हातात ते तसंच होतं.

"हे न्हाई मानायचे," अंबूबाई म्हणाली. ती रडत नव्हती. "सोनबा न्हाई मानायचा. गाव न्हाई मानायचं. तू भोंग्यात सांगतोस ना, तसं सांग. त्याच आवाजात. मौजे हिर्डोशी म्हण."

"मावशी..."

"म्हण. ज्या तोंडानं खुशाल म्हणलास, त्याच तोंडानं म्हण."

 मग त्यानं डावा हात तोंडापुढं धरला, जाळीची डबी धरावी तसा. तसं न करता तो आवाज निघालाच नसता. फुटलेल्या घशातून, देवळाच्या पायरीवरून तीन पिढ्या निघालेला, बाजार थांबवणारा तो आवाज निघाला.

"मौजे हिर्डोशी. कुंडलिक गेनबा. मयत."

शेजारच्या घरातून बायका बाहेर आल्या. सोनबाच्या हातातला दोर गळून पडला आणि तो खाली बसला. गावानं मानलं. माणसाचं मानलं नव्हतं, आवाजाचं मानलं. 

पहिला हंबरडा त्याच्या पाठीमागं उठला तेव्हा तो नदीकडं चालायला लागला होता. काळोख पडायच्या आत तो वाळूत गुडघ्यावर बसून प्यायला. चूळ भरली नाही. सरळ गिळलं.

बातमी मास्तरांपर्यंत त्याच्या आधी पोचली होती. ते त्याला काही वाईट बोलले नाहीत. त्यांनी फक्त माडीची किल्ली मागून घेतली, आणि म्हणाले, "शब्बीर, मी तुला समजूतदार समजत होतो."

पुढच्या मंगळवारी शब्बीर बाजारात होता, भिंतीपाशी, सगळ्यांसारखा खाली. जाहिदा म्हणाली होती जाऊ नका. अंबूबाई आली होती. ह्या वेळी गाठोडं नव्हतं. सोनबा होता, हिर्डोशीची आठ-दहा माणसं होती. बाजारात कुजबुज फिरली होती आणि लोक भोंग्याखाली नेहमीपेक्षा दाट उभे होते.

तबकडी झाली. बातम्या झाल्या. तात्या आणि बाळू झाले. वाचणारा कुणी नवा कारकून होता, त्याचा बाळू कुणालाच हसवत नव्हता. मग यादी. नाव काढून टाकायचं मास्तरांना सुचलं नाही की त्यांनी मुद्दाम ठेवलं, हे कधीच कळलं नाही.

"मौजे हिर्डोशी, कुंडलिक गेनबा, खुशाल."

"मेला," अंबूबाई म्हणाली.

मोठ्यानं नव्हे. पण तराजू थांबलेले होते, सगळ्यांना ऐकू गेलं. मग सोनबा म्हणाला, "मेला." मग हिर्डोशीचे बाकीचे, एकेक करून. बायका, पुरुष. भोंग्याला तोंड असतं, कान नसतात. तो थांबला नाही. पुढचं गाव वाचत राहिला, पुढचं नाव, खुशाल. पुढचं नाव, खुशाल.

वेल्ह्याच्या मेळाव्याला घाटाकडून किती मुलं गेली हे शब्बीरनं नंतर कधी विचारलं नाही. त्याला त्या दिवसाचं एवढंच आठवायचं: कुणीतरी त्याचा दंड धरला. पालीची बनाबाई. ओळखीची नव्हे, फक्त दर मंगळवारी दिसणारी. तिचा मुलगाही पलटणीत होता, त्याचंही नाव आत्ताच वाचलं गेलं होतं. तिनं त्याच्या सदऱ्याच्या भोकात बोटं घातली होती आणि ती त्याच्या तोंडाकडं बघत होती, उघड्या, कोरड्या डोळ्यांनी.

"नगारची," ती म्हणाली. "आन माझा? तू वाचायचास तवा माझा खरा व्हता का?"

शब्बीरनं तोंड उघडलं. यादी मास्तर करायचे. त्यानं ती दोन वर्षं नुसती वाचली होती. कधी एक पत्र उघडून बघितलं नव्हतं, कधी विचारलं नव्हतं.

बनाबाई दंड सोडेना. तिच्या मागं आणखी दोघीतिघी येऊन उभ्या राहिल्या होत्या, आणि वरून तो कारकून हिरड्याचा भाव पुन्हा एकदा वाचत होता.